दोन अबू लबीब

कडू कॉफी कपात ओतून तशीच ठेवली, की तिच्यावर तेलाचा फार पातळ पापुद्रा धरतो. आधी कडेला, मग हळूहळू मध्याकडे. खिडकीतून उजेड तिरपा येत असेल तर त्यात जांभळट-हिरवट छटा दिसते. कप हलला की पापुद्रा तडकतो, स्थिर राहिला की पुन्हा जुळतो. नौफलचं सगळं आयुष्य औषधांच्या दुकानात गेलेलं, त्यामुळे असल्या गोष्टी त्याच्या नजरेतून सुटत नसत. शिवाय त्या घडीला कपाकडे पाहण्यावाचून त्याला दुसरं काही सुचतही नव्हतं. कारण कपाच्या पलीकडे, त्याच्या स्वतःच्या बैठकीत, तीसेक अनोळखी पुरुष बसले होते आणि तेही त्याच कपाकडे पाहत होते.

शुक्रवारची दुपार. नमाज झाली, मसुरीची आमटी झाली, नौफल पायजम्यावर येऊन पलंगावर टेकला होता. एकटा जीव, शुक्रवारी त्याच्याकडे कोण येणार? इतक्यात दार वाजलं. उघडून पाहतो तो जिना माणसांनी भरलेला. काळे झगे, डोक्यावर लाल चौकड्यांचे रुमाल, आणि सगळे धापा टाकत असलेले. गाड्या खाली चौकात ठेवून आले होते, आणि डोंगरउतारावर वसलेल्या सल्त गावच्या पायऱ्या परगावच्या माणसाला दयामाया दाखवत नाहीत.

"अबू लबीब यांचं घर हेच ना?" सर्वांत पुढच्या म्हाताऱ्याने विचारलं.

"हेच," नौफल म्हणाला. त्यात खोटं काही नव्हतं.

मग माणसं आत आली आणि येतच राहिली. खुर्च्या भरल्या, गाद्या भरल्या, खिडकीचा कट्टा भरला. दोघे आतल्या पलंगावर बसले. एक जाडजूड गृहस्थ खोकल्याच्या औषधाच्या खोक्यावर बसले. खोकं कुरकुरलं, पण टिकलं. नौफलने पायजम्यावरच कोट चढवला, स्वयंपाकघरात जाऊन कॉफी उकळली आणि रिवाजाप्रमाणे पहिला कप म्हाताऱ्यापुढे धरला. हे करक गावचे शेख अबू नायफ. त्यांनी कप घेतला, समोरच्या चौरंगावर ठेवला, आणि हात मागे घेतला.

याचा अर्थ नौफललाच काय, सल्तमधल्या शेंबड्या पोरालाही कळला असता. मंडळी मागणं घेऊन आली आहेत. मागितलेलं मिळेपर्यंत त्या कपाला कोणी ओठ लावणार नाही.

मागणं कसलं असेल? नौफलने डोकं चालवलं आणि त्याला लगेच उत्तर सापडलं. गेल्याच आठवड्यात करकच्या एका पोराने आपली छोटी मालगाडी मागे घेता घेता त्याच्या दुकानाची काच फोडली होती. पोरगं रडवेलं झालं होतं, "घरच्या मोठ्यांना घेऊन येतो, काका," म्हणून गेलं होतं. तर हे ते मोठे! एका काचेसाठी तीस माणसं क्षमा मागायला आली! नौफलला भरून आलं. थोडी लाजही वाटली, कारण काचेला आधीपासूनच तडा होता.

शेख अबू नायफ यांनी घसा साफ केला. अल्लाची स्तुती झाली. सल्तच्या लोकांची झाली. यजमानाच्या वाडवडिलांची सुरू झाली. असली भाषणं नौफलने दुसऱ्यांच्या बैठकीत पुष्कळ ऐकली होती. आणि त्यांना यजमान काय उत्तर देतात तेही त्याला पाठ होतं. छातीवर हात ठेवून, आवाज जरा खाली आणून दिलेलं ते उत्तर ऐकताना दर वेळी त्याच्या मनात यायचं, आपल्यालाही हे कधीतरी म्हणायला मिळावं. पण त्याच्या घरी कोण मागणं घेऊन येणार? मुलगी नाही, मुलगा नाही, कोणाशी रक्ताचं वैर नाही. आज पहिल्यांदा संधी चालून आली होती. तो उभा राहिला.

"शेखसाहेब," छातीवर हात ठेवून तो म्हणाला, "कॉफी घ्या. ज्यासाठी आलात ते दिलं."

शेख अर्ध्या वाक्यात थांबले. "अजून मी सांगितलंच नाही."

"सांगूच नका. तुम्ही या वयात माझा जिना चढून आलात, त्यापुढे ते काय आहे? क्षुल्लक गोष्ट. आणि खरं सांगू? ती आधीपासून जरा तडकलेलीच होती."

हे शेवटचं वाक्य मंडळींना नीटसं कळलं नाही. सल्तच्या लोकांची विनयाने बोलायची पद्धत असेल, असं ते धरून चालले. शेखांचे डोळे पाणावले.

"ऐकलंत?" ते आपल्या माणसांकडे वळून म्हणाले. "मी आयुष्यभर मागण्या घालत आलो. कोणी महिना लावला, कोणी मामाला विचारतो म्हणाला, कोणी आत्याला विचारतो म्हणाला. असा बाप पाहिला नाही!" आणि त्यांनी कप उचलून एका घोटात रिकामा केला. "फातिहा!"

ठरलेल्या गोष्टीवर शिक्कामोर्तब करणाऱ्या त्या प्रार्थनेसाठी तीस जोड तळवे वर झाले. नौफलनेही तळवे वर केले. काचेसाठी फातिहा म्हणजे जरा अती होतंय, असं त्याला वाटलं. पण करकची रीत वेगळी असेल. प्रार्थना संपते न संपते तोच एका गृहस्थाने त्याला मिठी मारून दोन्ही गालांचे मुके घेतले आणि केस ओले करून चापून बसवलेला एक उंच तरुण पुढे ढकलला.

"हाझिम, बघतोस काय? सासऱ्यांच्या हाताला ओठ लाव."

"सासरे?" नौफल म्हणाला. "कोणाचे?"

"याचेच की! तुमची लमीस आणि आमचा हाझिम. बायकाबायकांचं तर कधीच ठरलंय."

लमीस हे नाव ऐकलं आणि नौफल मटकन खाली बसला. खोक्यावरच्या गृहस्थांच्या मांडीवर बसला, हे त्याला नंतर कळलं.

*

सल्तमध्ये अबू लबीब दोन होते. हे सगळ्या गावाला माहीत होतं. माहीत नव्हतं ते फक्त करकच्या मंडळींना, आणि चौकातल्या बाकावर बसणाऱ्या त्या म्हाताऱ्याला, ज्याने त्यांना वाट दाखवली होती. त्याच्या लेखी अबू लबीब म्हणजे औषधवाला. बाकी कोणी असेल तर तो नंतर आलेला.

नौफलच्या वडिलांचं नाव लबीब. थोरल्या मुलाला आजोबांचं नाव लागायचं, हे ठरलेलंच असतं. म्हणून मिसरूड फुटलेल्या नौफलला पहिल्यांदा कोणीतरी "या, अबू लबीब, बसा," म्हणून खुर्ची दिली, तेव्हा अबू लबीब, म्हणजे लबीबचे वडील, म्हणवून घेताना त्यालाही काही वावगं वाटलं नाही. मुलगा व्हायचाय, होईल. त्याच्या मित्रांनाही अशीच आगाऊ नावं मिळाली होती. त्यांची लग्नं झाली, मुलं झाली, नावं खरी ठरली. नौफलचं तेवढं राहिलं.

गावाने सवड सापडेल तशी थट्टा केली. "काय अबू लबीब, लबीबला यंदा शाळेत घालणार ना?" पुढे, "लबीब सैन्यात गेला की काय? दिसत नाही हल्ली." नौफल हसून सोडून द्यायचा. पण कोणाला सांगितलं नसलं, तरी त्या न झालेल्या मुलाबद्दल त्याची काही मतं तयार होत गेली होती. लबीब गणितात हुशार आहे. अक्षर मात्र वाईट. जेवताना वाचतो. आणि वडील गेल्यानंतर तर त्या हाकेला आणखी एक मोल आलं. त्यांचं नाव घेणारं घरात कोणी उरलं नव्हतं. दुकानात येणारं प्रत्येक गिऱ्हाईक मात्र ते घेत होतं. डोकेदुखीची गोळी मागायची तरी आधी "अबू लबीब" म्हणायचं.

मग कुवेतची लढाई झाली आणि तिकडे राहणारा गावचाच हिक्मत बायको, मुलगा आणि मुलगी लमीस यांच्यासकट सल्तला परत आला. हिक्मतच्याही वडिलांचं नाव लबीब. त्याने रीतसर लग्न केलं होतं, त्याचा थोरला मुलगा चांगला एकोणीस वर्षांचा होता, चालता-बोलता, खाता-पिता, आणि त्याचं नाव लबीब होतं. हिक्मतने आल्या आठवड्यातच दुकानात येऊन सांगितलं, "भाऊ, तू ते नाव सांभाळलंस, उपकार झाले. आता सोड. खरा अबू लबीब आलाय."

"मी काही सांभाळत नव्हतो," नौफल म्हणाला. "माझंच आहे."

"तुझा लबीब दाखव."

नौफल पुढच्या गिऱ्हाइकाच्या गोळ्या मोजायला वळला. पण नाव त्याने सोडलंही नाही. मग एकाच्या गॅसची टाकी दुसऱ्याकडे जाऊ लागली. एकाचं दळण दुसऱ्याच्या घरी, दुसऱ्याची शिवायला टाकलेली पॅन्ट पहिल्याच्या घरी. कळस झाला तो लबीबच्या बोर्डाच्या निकालाला. वाणी रस्ता ओलांडून नौफलच्या दुकानात आला, "अबू लबीब, मुबारक हो! लबीब पास झाला!" नौफलने हात हातात घेतला. गुण ऐकून त्याला मनापासून वाईट वाटलं. गणितात इतके कमी? मग भानावर आला. पण तोवर आणखी चारजण अभिनंदनाला आले होते, आणि एवढ्या माणसांना "तो माझा नव्हे" म्हणत बसण्यापेक्षा त्याने शेजारच्या मिठाईवाल्याकडून परातभर बकलावा मागवून वाटून टाकला. हे कळल्यावर हिक्मतने जे बोलणं टाकलं ते टाकलंच.

आणि नौफलच्या दृष्टीने हेच सगळ्यांत वाईट होतं. कारण हिक्मतची बहीण होती सौसन.

सौसन मुलींच्या शाळेत विज्ञान शिकवायची. भाऊ कुवेतला असताना आईला घेऊन तीच घर चालवत होती. पुढे आई गेली, तेव्हा एकटी राहिली. दर गुरुवारी शाळा सुटली, की ती प्रयोगशाळेसाठी काही ना काही घ्यायला दुकानात यायची. लिटमसचा कागद, ग्लिसरीन, पातळ केलेलं आम्ल. एका शाळेला इतकं ग्लिसरीन कशाला लागतं, हा प्रश्न नौफलला पडत नसे. गावात कोणालाही विचारलं असतं तर त्याने सांगितलं असतं. ती त्याला अबू लबीब म्हणायची, तो तिला बाई म्हणायचा, आणि काउंटरवर कोपर टेकून दोघे अर्धा तास बोलत राहायचे.

तिला मागणी घालायची, हे नौफलने फार पूर्वीच ठरवलं होतं. फक्त कोणाला सांगितलं नव्हतं. आधी त्याच्या आईचा शोक पाळायचा होता. मग तिच्या आईचं दुखणं होतं. मग भाऊ कुवेतला. घरात पुरुष नसताना मागायचं कोणाकडे? भाऊ आल्यावर मागू. भाऊ आला, आणि आल्याआल्या भांडला. खरं कारण यातलं एकही नव्हतं. तिने नाही म्हटलं तर गुरुवार जाईल, एवढीच त्याला भीती होती.

एकदा सौसन म्हणाली होती, "मुलींना स्फटिक करून दाखवायचे होते. द्रावण अगदी दाट केलं, गार केलं, तरी नुसतं तसंच राहिलंय, अबू लबीब. सगळी तयारी आहे आणि काही होत नाही. अशा वेळी काय करतात?"

"एक कण टाकायचा त्यात," नौफल म्हणाला. "नाहीतर काच जराशी खरवडायची. लगेच धरेल."

"मलाही तसंच वाटतं," ती म्हणाली आणि त्याच्याकडे पाहत उभी राहिली. नौफलने तिला चांगली काचेची कांडी बांधून दिली.

*

"म्हणजे तुम्ही लमीसचे वडील नाही?" शेख अबू नायफ यांनी तिसऱ्यांदा विचारलं.

"नाही हो. मी कोणाचाच वडील नाही. माझं लग्नच झालेलं नाही."

"मग अबू लबीब कसे?"

"सगळे म्हणतात म्हणून."

मंडळींत कुजबूज झाली. हाझिम एकदा नौफलकडे आणि एकदा बापाकडे पाहत होता. आताच ओठ लावलेल्या हाताचं काय करायचं, हे त्याला कळत नव्हतं.

"आणि दिलं, दिलं म्हणालात ते काय दिलंत?" हाझिमच्या बापाने विचारलं.

"काच."

"काच?"

"दुकानाची. फुटलेली." नौफलचा आवाज फारच बारीक झाला.

खोक्यावरचे गृहस्थ हसू लागले. हसताना खोकं अखेर मोडलं आणि खोलीभर ज्येष्ठमधाचा वास पसरला. पण शेख हसले नाहीत. त्यांनी काठी जमिनीवर टेकली.

"हे बघा, अबू लबीब, किंवा जे कोणी असाल ते. मी तुमची कॉफी प्यालो. फातिहा झाला. तीस माणसांदेखत तुम्ही शब्द दिलात. आता मी करकला जाऊन काय सांगू, की मुलगी मागायला गेलो आणि काच घेऊन आलो?"

"पण मुलगी माझी नाही, शेखसाहेब!"

"शब्द तर तुमचा आहे? आता तुम्ही आमच्या बाजूने. चला. पुढे व्हा. त्या दुसऱ्याच्या दारात तुम्हीच आम्हाला न्यायचं."

"तो माझ्याशी बोलत नाही."

"आज बोलेल," शेख म्हणाले. आणि मग जरा थांबून, "पायऱ्या किती आहेत?"

पायऱ्या पुष्कळ होत्या. अर्ध्या खाली आणि मग पुन्हा वर. सगळी गल्ली खिडक्यांत आली. पुढे पायजम्यावर कोट घातलेला नौफल, मागे काळ्या झग्यांची रांग, मध्येच भिंतीला टेकून श्वास घेणारे शेख. वाणी दुकानाबाहेर येऊन ओरडला, "काय अबू लबीब, लबीबचं लग्न वाटतं?" नौफलने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

हिक्मतच्या घरी दारापासूनच खुर्च्या मांडल्या होत्या. भाऊबंद येऊन बसले होते, कुनाफ्याच्या गरम मिठाईची परात केव्हाची येऊन थंड झाली होती, आणि तिच्यावरचं चीज चामड्यासारखं झालं होतं. हिक्मत घामाघूम होऊन येरझाऱ्या घालत होता. बातमी त्याच्यापर्यंत आधीच पोचली होती. सल्तमध्ये बातमीला पायऱ्या चढाव्या लागत नाहीत.

"या!" नौफलला पाहताच तो गरजला. "या, मुलीचे वडील या! आम्ही काय, इथे पाहुणे! माझ्या मुलीचं लग्न ठरलं, फातिहा झाला, आणि मी इथे कुनाफ्यावरच्या माश्या वारतोय!"

"हिक्मत, ऐक तरी—"

"काय ऐकू? आधी माझं नाव घेतलंस. मग माझ्या मुलाच्या निकालाचा बकलावा वाटलास. आता मुलगी दिलीस. मी मेलो की जनाज्यातही तूच निजणार आहेस का?"

"तुम्ही निकालाचा बकलावा वाटलाच नव्हता, बाबा," दाराशी उभा असलेला लबीब म्हणाला. "त्यांनी तरी वाटला."

"तू गप्प बस! बकलावा वाटण्यासारखे गुण होते का ते?"

"गणित अवघड होतं त्या वर्षी," नौफल म्हणून गेला. त्याच्या तोंडून ते निघून गेलं आणि मग त्यालाच कळेना, आपण कोणाची बाजू घेतोय.

शेख अबू नायफ खुर्चीत बसले. त्यांनी हात वर केला आणि बैठक शांत झाली. या घरचीही कॉफी आली. शेखांनी कप घेतला, समोर ठेवला, हात मागे घेतला. या वेळी त्यांनी अल्लाची स्तुती थोडक्यात आवरली.

"अबू लबीब," ते हिक्मतला म्हणाले, आणि नौफलकडे पाहून, "तुम्ही नव्हे," असं जोडलं. "चूक आमची झाली. तुमच्या गावात एका नावाची दोन दारं आहेत, हे आम्हाला कोणी सांगितलं नाही. आमच्या हाझिमसाठी तुमच्या लमीसचा हात मागतो. या माणसाने साध्या मनाने शब्द दिला. त्याचा शब्द आणि आमची पांढरी दाढी, दोन्ही तुमच्या हातात."

हिक्मतने घाम पुसला. मुलगी द्यायची हे तर ठरलेलंच होतं; पण राग कुठेतरी निघायला हवा होता.

"मुलगी दिली," तो म्हणाला. बैठकीत निःश्वास उमटतो तोच त्याने बोट वर केलं. "पण एका अटीवर. या गावात अबू लबीब एकच राहील. याने इथे, सगळ्यांदेखत म्हणायचं, आजपासून मी अबू लबीब नाही. मगच कप उचला, शेखसाहेब."

सगळे नौफलकडे पाहू लागले. नौफल आपल्या पायजम्याकडे पाहत होता.

"तसं हिक्मतचं म्हणणं बरोबर आहे," एक भाऊबंद म्हणाला. "ज्याचा मुलगा त्याचं नाव."

"आणि याला काय म्हणायचं मग? नुसतं नौफल? एवढ्या मोठ्या माणसाला?" दुसरा म्हणाला. "बरं दिसत नाही. पोरासोरांसारखं."

शेखांनी दाढी कुरवाळली. "इराकच्या बाजूला यावर तोडगा आहे. ज्याला मूल नाही त्याला तिकडे अबू गायब म्हणतात. गायबचे वडील. अजून न आलेल्याचे. मान राहतो, आणि कोणाशी घोळ होत नाही."

"वा!" हिक्मत म्हणाला. "अबू गायब. मान्य."

"चांगलं आहे," हाझिमचा बाप म्हणाला. त्याला लवकर घरी जायचं होतं.

"अबू गायब," कोणीतरी म्हणून पाहिलं. मग आणखी एकाने म्हणून पाहिलं. बघता बघता ते नाव बैठकीत हातोहात फिरलं आणि जुनं वाटू लागलं. नौफलला जाणवलं, की तो नुसता गप्प बसला तरी हे ठरून जाईल. आजवर त्याच्या आयुष्यातलं सगळं असंच, तो गप्प बसला असताना ठरून गेलं होतं. उद्या दुकानात गिऱ्हाइकं येतील, अबू गायब, डोकेदुखीची गोळी द्या, म्हणतील. वडिलांचं नाव त्या दारातून पुन्हा आत येणार नाही. आणि तो दुसरा, खराब अक्षराचा, जेवताना वाचणारा, त्याचं नाव तर कोणी घेणारच नाही. गुरुवारी सौसन काय म्हणेल? तिला इतक्या वर्षांची सवय.

शेखांनी वाट पाहिली, मग त्याच्या गप्प बसण्याला होकार समजून कपाकडे हात नेला.

"अबू लबीब," आतल्या खोलीच्या दारातून आवाज आला.

दार अर्धवट उघडं होतं. बायका आत होत्या, आणि त्या आत आहेत हे कोणाला दिसत नाही असा सगळ्यांचा समज होता. "हो?" हिक्मत सवयीने म्हणाला.

"तुला नाही, हिक्मत," सौसन म्हणाली. आवाज वर्गातल्यासारखा, स्पष्ट आणि बिनगडबडीचा. "त्यांना म्हणतेय. अबू लबीब, सगळे तुमच्या बोलण्यासाठी थांबलेत. मीसुद्धा."

हिक्मतचं तोंड उघडलं ते तसंच राहिलं. खोक्यावरचे गृहस्थ, जे आता साध्या खुर्चीत होते, पुढे झुकले.

नौफल उठला. कोटाचं बटण लावायला गेला, तर ते चुकीच्या काजात गेलं. त्याने तसंच राहू दिलं. छातीवर हात ठेवायचं त्याला आठवलंही नाही.

"थांबा, शेखसाहेब," तो म्हणाला. "इतक्यात पिऊ नका. हिक्मत, नाव मी सोडणार नाही. माझा लबीब गायब झालेला नाही. त्याला उशीर झालाय, आणि तो सगळा माझ्यामुळे."

"म्हणजे?" हिक्मत म्हणाला.

"तुमच्यात कोणी माझ्या बाजूने बोलेल का ते मला माहीत नाही," नौफल करकच्या मंडळींकडे पाहून म्हणाला. "माझी माणसं अशी कोणी नाहीत. आज तीस मिळाली, तीही चुकून."

शेख अबू नायफ यांनी कप खाली ठेवला, काठी टेकली आणि गुडघ्यांवर जोर देत उभे राहिले. त्यांच्या मागे एकेक करत सगळे करकवाले उभे राहिले; कशासाठी ते सर्वांना कळलं होतं असं नव्हे, पण शेख उभे राहिले म्हणजे उभं राहायचं.

"बोला," शेख म्हणाले. "आम्ही तुमच्या बाजूने आहोत. पण मी बोलणार नाही. आज एकदा मी बोलायच्या आधी तुम्ही देऊन मोकळे झालात. आता मागायचं तेही तुम्हीच मागा."

नौफलने अर्ध्या उघड्या दाराकडे पाहिलं. इतकी वर्षं त्याने हे वाक्य घोटून घोटून सुंदर केलं होतं. त्यात तिच्या वडिलांची आठवण होती, दोन्ही घरांचा जुना घरोबा होता, शेवटी एक छोटीशी प्रार्थनासुद्धा होती. त्यातला एक शब्द आता त्याला आठवेना.

"हिक्मत," तो म्हणाला, "मला तुझ्या बहिणीशी, सौसनशी, लग्न करायचंय."